किरणांची वाट

करवीरनिवासिनी श्रीमहालक्ष्मीच्या दर्शनास आम्ही अनेकदा गेलो. परंतु किरणोत्सवाचा योग गेल्या ११ नोव्हेंबरला आला. आपले बहुतेक उत्सव तिथीने येतात; हा मात्र सूर्यगतीने येतो. ९ ते ११ नोव्हेंबर आणि ३१ जानेवारी ते २ फेब्रुवारी या दिवसांत मावळतीचे किरण महाद्वारातून गाभाऱ्यात शिरून पहिल्या दिवशी देवीच्या चरणांस, दुसऱ्या दिवशी कमरेस व तिसऱ्या दिवशी मुखास स्पर्श करतात. वर्षातील सर्वांत लहान दिवसाच्या सुमारे ४१ दिवस आधी व तितक्याच दिवसांनी नंतर सूर्य क्षितिजावर जवळजवळ एकाच स्थानी मावळतो, हे यातील इंगित होय. अनाम स्थपतींनी प्रकाशाचा हा नकाशा कागदावर नव्हे, पाषाणात रेखिला!

त्या सायंकाळी मात्र किरण कमरेपाशीच थबकले आणि मावळले. आमच्या कुटुंबाचे जोडलेले हात तसेच राहिले. वाटेतील उंच इमारती आड येतात, असे शेजारचे वृद्ध गृहस्थ म्हणाले. सूर्याने आपला मार्ग सोडलेला नाही. तो आपणच बुजवीत आहोत. वाचकहो, पूर्वजांचे ज्ञान नुसते वानून काय उपयोग? त्याच्या वाटेत आपली भिंत येऊ नये, एवढे तरी पाहू या.