आकडे कमी पडले की हात?

‘एल्डन रिंग’ पहिल्यांदा खेळायला घेणारा जवळजवळ प्रत्येक जण आधी रूट मागतो. सुरुवात कुठून करायची, मग कुठे वळायचे, कोणती तलवार कुठल्या बोगद्यातून उचलायची, कोणता बॉस कितव्या लेव्हलला घ्यायचा. मागणी रास्त आहे. फ्रॉमसॉफ्टवेअर या जपानी कंपनीचा हा खेळ 25 फेब्रुवारी 2022 रोजी आला. दिग्दर्शन हिदेताका मियाझाकी यांचे, आणि त्या जगाच्या पुराणकथेचा पाया जॉर्ज आर. आर. मार्टिन यांनी रचलेला. वर्षभरात त्याच्या दोन कोटी प्रती खपल्या. इतक्या लोकांनी इतक्या वेळा पालथ्या घातलेल्या जगाचे तयार रूट मिळणारच, आणि त्यातले बरेचसे अचूकही असतात. तरीही पहिल्यांदा खेळणाऱ्याच्या हाती ते देऊ नयेत, असे माझे मत आहे. पहिल्या खेळाचा रूट एकाच प्रश्नावर आखावा : आत्ता मी हरलो तो माझे आकडे कमी पडले म्हणून, की हात कमी पडला म्हणून? आकडे कमी पडले असतील तर वाट बदलायची, हात कमी पडला असेल तर तिथेच थांबायचे. हा प्रश्न मी बाहेरून आणलेला नाही. खेळाच्या रचनेतच तो पहिल्या मैलापासून पेरलेला आहे.

सुरुवातीच्या गुहेतून लिमग्रेव्हच्या कुरणात पाऊल टाकले, की समोरच्या रस्त्यावर सोनेरी चिलखतातला घोडेस्वार फेऱ्या मारताना दिसतो. हा ट्री सेंटिनल. नवखा खेळाडू त्याला पहिला धडा समजतो, भिडतो आणि एकदोन घावांत आडवा होतो. खरे तर त्याच्याशी लढण्याची सक्ती कुठेच नाही. कुरण चारी बाजूंनी मोकळे आहे, झुडपांच्या आडोशाने वळसा घेतला तर तो पाहतही नाही, आणि थोड्याच अंतरावर चर्च ऑफ एलेहच्या पडक्या भिंतींत व्यापारी, ऐरण आणि विश्रांतीची जागा आहे. रचनाकाराने सर्वांत दांडगा शत्रू सर्वांत आधी उभा केला, कारण खेळाडूने सर्वांत आधी शिकायचे ते टाळणे. 2011च्या ‘डार्क सोल्स’मध्येही हीच शिकवण होती, पण आडवळणाने. फायरलिंक श्राइनपासून तीन दिशांना वाटा फुटत. स्मशानाकडे गेले की सांगाडे उभे राहत, खाली न्यू लोंडोकडे गेले की भुतांना साधा घावच लागत नसे, आणि वरच्या वाटेने अनडेड बर्गमध्ये पोचले की शत्रू आवाक्यातले वाटत. तिथे शत्रू हीच पाटी होती. ज्याने ती वाचली नाही, तो स्मशानात तासन्तास झगडला आणि ‘हा खेळच अन्यायी आहे’ असे म्हणून मोकळा झाला. ‘एल्डन रिंग’ने तीन वाटांच्या जागी अख्खा प्रांत उघडा टाकला आणि वर विश्रांतीच्या प्रत्येक जागेतून, म्हणजे साइट ऑफ ग्रेसमधून, सोनेरी किरण सोडले. किरण दिशा दाखवतात, आपली तयारी मात्र मोजत नाहीत. लिमग्रेव्हमधले किरण सरळ स्टॉर्मव्हेल किल्ल्याकडे नेतात आणि त्याच्या वेशीवर मार्गिट हा बॉस उभा असतो.

मार्गिटवर जरा रेंगाळायला हवे, कारण माझ्या म्हणण्याची कसोटी तिथेच लागते. तो काठी उचलतो आणि हवेत धरून ठेवतो. घाबरून आधीच लोळण घेतली, तर लोळण संपते त्या क्षणी काठी खाली येते. हा हाताचा प्रश्न आहे. लेव्हल कितीही वाढवली तरी काठी तितकाच वेळ हवेत राहणार, कारण या खेळात शत्रूचे बळ प्रदेशानुसार ठरलेले असते, खेळाडूबरोबर ते कमीजास्त होत नाही. पण व्हिगर, म्हणजे प्राणशक्तीची पायरी, 10वर असेल तर अंगात 414 एवढीच शक्ती असते. 25वर ती 800 होते. फरक असा, की पहिल्या खेळाडूला मार्गिटचे दोनतीन डावच पाहायला मिळतात आणि दुसऱ्याला बरेच जास्त. शिकायला वेळ लागतो आणि तो वेळ आकडे विकत देतात. म्हणून मार्गिटकडे एकदोनदा जाऊन यावे आणि बाहेर येताना स्वतःला विचारावे : कशाने मेलो ते सांगता येते का? ‘तिसऱ्या वारानंतर लोभाने एक घाव जास्त घातला’ असे उत्तर आले तर पुन्हा आत जावे. ‘काय झाले कळलेच नाही, एका फटक्यात संपले’ असे असेल तर त्या वेशीवर आज काम नाही. तालमीत नवख्याची जोड वस्ताद पाहतो, तोडीस तोड गडी समोर उभा करतो. या खेळात वस्ताद नाही, जोड आपली आपणच पाहायची असते. आणि ती पाहता यावी एवढी मोकळीक नकाशात भरपूर ठेवली आहे.

ही मोकळीक दक्षिणेला आहे. पूल ओलांडून वीपिंग पेनिन्सुलात उतरले की शत्रू लिमग्रेव्हच्याच तोलाचे, आणि तीन चर्चमध्ये मिळून तीन सेक्रेड टिअर, ज्यांनी प्राणशक्ती भरून काढणाऱ्या फ्लास्कचा प्रत्येक घोट अधिक गुणकारी होतो. टोकाला कॅसल मॉर्न : स्टॉर्मव्हेलची लहानशी तालीमच म्हणावी असा, तटबंदीवरून चालायला आणि कोपऱ्याआडच्या हल्ल्याची सवय करायला लावणारा किल्ला. सोनेरी किरण तिकडे कोणाला ढकलत नाहीत, म्हणून कित्येक जण हा भाग शेवटी पाहतात आणि तेव्हा तिथे शिकण्यासारखे काही उरलेले नसते. हत्याराचेही तसेच. साधे हत्यार +3पर्यंत न्यायला पहिल्या प्रतीचे 12 स्मिदिंग स्टोन लागतात, लिमग्रेव्हमधल्या खाणीत ते मिळतात, आणि +3पर्यंतचे काम चर्च ऑफ एलेहच्या ऐरणीवर होते. सुरुवातीच्या टप्प्यात शस्त्राची ही वाढ ताकदीच्या दोनचार पायऱ्यांपेक्षा जास्त जाणवते. म्हणून रुन्स, म्हणजे शत्रू मारून मिळणारे चलन, हाती आले की ते आधी व्हिगरमध्ये घालावेत आणि धार वाढवण्याचे काम दगडांवर सोपवावे. व्हिगरची कमान कशी वाकते तेही पाहण्यासारखे आहे : 25 ते 40 या 15 पायऱ्यांत शक्ती 800वरून 1450वर जाते, तर 60 ते 99 या 39 पायऱ्यांत जेमतेम 200ने वाढते. रचनाकार आकड्यांतून सांगतो आहे, की अंगावर मांस चढवायचे ते कधी आणि थांबायचे ते कुठे. मी रूट म्हणतो तो एवढाच : उत्तरेला वेस पाहून या, दक्षिणेला अंग कमवा, परत या. कोणत्या गुहेत काय आहे हे यात कुठेच नाही, आणि ते नसावेच.

तयार रूटला माझा विरोध आहे तो इथे. असे रूट दहाव्या खेळातून निघालेले असतात. ज्याला सगळे जग पाठ आहे, शत्रूचा हात कधी उठतो ते स्नायूंना ठाऊक आहे, त्याने आपल्या सोयीसाठी केलेली ती यादी असते. ती हातात घेऊन नवखा टॉरेंट घोड्यावर टांग टाकतो, पहिल्याच दिवशी केलिडच्या सडक्या लाल प्रदेशात घुसतो आणि दलदलीजवळच्या ओसाड अवशेषांतून मेटिओराइट स्टाफ उचलून आणतो. जादूगारासाठी ही काठी सुरुवातीला विलक्षण जोरदार आहे आणि तिची धार वाढवताच येत नाही, म्हणजे वाढवण्याचा खर्चही नाही. हिशेब चोख आहे. पण परिणाम काय होतो? लिमग्रेव्हचे शत्रू हाकेच्या अंतरावरूनच कोसळतात, जवळ येऊन वार करायची वेळच त्यांच्यावर येत नाही, आणि जे धडे सौम्य शत्रूंकडून घ्यायचे ते पुढे निर्दय शत्रूंकडून घ्यावे लागतात. आकडे पुढे गेले, हात मागे राहिला. आता हरल्यावर आपल्या प्रश्नाचे उत्तर धड मिळत नाही, कारण दोन्हींतला मेळच सुटलेला असतो. आणि केलिडचा जो धक्का होता, तो कायमचा वाया गेला. लिमग्रेव्हमधल्याच अगील तळ्यातल्या जळक्या अवशेषांखाली एक पेटी आहे. ती उघडली की धुरातून खेळाडू थेट केलिडमधल्या खाणीत जाऊन पडतो आणि तिथून बाहेर पडेपर्यंत नकाशावर बोट ठेवून परतता येत नाही. यादीत ‘ही पेटी उघडू नका’ असे लिहिलेले असते. मला वाटते, पहिल्या खेळातल्या सर्वांत मोलाच्या घटनांपैकी ही एक आहे : नकाशा आपल्याला वाटला त्याहून कितीतरी मोठा आहे, हे भीतीतून कळण्याची.

यावर एक आक्षेप अगदी विरुद्ध बाजूने येतो. यादी नको तर हा रूट तरी कशाला? कोरे मन घेऊन जावे, पडावे, उठावे, तोच खरा खेळ. या शुद्धतावादाचा मला आदर आहे, पण खेळाची रचना त्याच्या बाजूने साक्ष देत नाही. इतर खेळाडूंचे संदेश जमिनीवर उमटतात, कोण कुठे कसा मेला ते रक्ताच्या डागांतून दिसते, अनोळखी माणसाला मदतीला बोलावता येते. 2009च्या ‘डीमन्स सोल्स’पासून आलेल्या या व्यवस्थेचे मूळ मियाझाकींनी मुलाखतीत सांगितले आहे : बर्फाच्या चढावर अडकलेल्या गाड्यांना मागच्या गाड्यांनी ढकलत वर नेले आणि मग कोणी कोणाला न भेटता आपापल्या वाटेने गेले, तो अनुभव. मदत ही या खेळांतली लबाडी नव्हे, पायाचा दगड आहे. फक्त ती मदत अर्धवट असते, कधी खोटीही असते, आणि निर्णय खेळाडूकडेच ठेवते. माझी कसोटीही निर्णय खेळाडूकडेच ठेवते. शिवाय ‘पडावे, उठावे’ हे वाटते तितके निरागस नाही. मेल्यावर रुन्स मेल्या जागी सांडतात आणि ते उचलण्याआधी पुन्हा मेलो तर कायमचे जातात. म्हणून हरलेला माणूस नेमका तिथेच ओढला जातो जिथून त्याने निघायला हवे. परत फिरण्याचा सर्वांत मोठा शत्रू बॉस नसून हे सांडलेले रुन्स आहेत. अनोळखी वेशीवर पोचण्याआधी ते खर्चून टाकण्याची सवय लावली, की पाय मोकळे राहतात.

वेळेचा आक्षेप अधिक जिव्हारी लागणारा आहे. नोकरी, घर, प्रवास सांभाळून आठवड्याला तीनचार तास काढणाऱ्याने दक्षिणेला भटकत का बसावे? यादी असली तर काम लवकर होईल. पण या खेळात वेळ नेमका कुठे जातो ते पाहा. घोडा लवकर मिळतो, साइट ऑफ ग्रेसवरून साइट ऑफ ग्रेसवर क्षणात जाता येते, चालण्यात फार वेळ मोडत नाही. वेळ मोडतो तो एकाच दारावर डोके आपटण्यात. यादी चालणे वाचवते, आपटणे वाचवत नाही. ज्याच्याकडे वेळ थोडा, त्याला तर ‘इथून आज निघावे’ हे ओळखण्याची गरज सर्वांत जास्त. आणि निघायला जागा नाही असे जवळजवळ होत नाही : स्टॉर्मव्हेल किल्ला आवडला नाही, तर कड्याच्या कडेने त्याला वळसा घालून लियुर्नियाच्या तळ्यांत उतरता येते. आल्टस पठारावर जाणारी डेक्टसची लिफ्ट चालवायला लिमग्रेव्ह आणि केलिडमधल्या दोन किल्ल्यांतून पदकाचे दोन तुकडे शोधावे लागतात, पण ते सापडले नाहीत तर दरीतल्या अवशेषांतून चढत, मॅग्मा वर्म माकरला हरवून, त्याच पठारावर पोचता येते. लेंडेल या राजधानीत शिरायला मोठ्या बॉसना हरवून मिळणारे दोन ग्रेट रुन्स हवेत, कोणते दोन ते आपण ठरवायचे. नकाशा असा आखला आहे, की परत फिरलेल्याला शिक्षा होऊ नये.

आधी अंग कमावले तर आव्हान मरते, असेही म्हणतात. हे अर्धे खरे आहे. तीनचार प्रदेश पिंजून मग स्टॉर्मव्हेलच्या गॉड्रिक या बॉससमोर उभे राहिले तर लढत फिकी होते, हे मान्य. म्हणूनच कसोटी दोन्ही बाजूंनी लावायची. लागोपाठ दोन लढती काही न शिकता जिंकल्या, तर आकडे हाताच्या पुढे गेले असे समजावे आणि प्रदेश अपुरा टाकून पुढे निघावे. सगळे गोळा करण्याचा हव्यास पहिल्या खेळाला शोभत नाही. राया लुकारिया अकादमीत रेनाला ही बॉस हरली, की तिला लार्व्हल टिअर नावाची वस्तू देऊन सगळ्या पायऱ्या नव्याने वाटता येतात, त्यामुळे सुरुवातीचे चुकीचे वाटपसुद्धा गळ्यातला धोंडा होत नाही.

एका आक्षेपापुढे मात्र मी मान तुकवतो, तो पात्रांच्या कथांचा. कोणाला कधी भेटायचे, कोण कुठे निघून गेले, याची नोंदवही खेळ देत नाही. मार्च 2022च्या 1.03 या सुधारणेत भेटलेल्या पात्रांची खूण नकाशावर उमटू लागली, यावरून त्रुटी होती हे कंपनीलाही पटले असावे. या कथा हाताच्या किंवा आकड्यांच्या कमतरतेने तुटत नाहीत, त्या नुसत्या अज्ञानाने तुटतात, आणि तिथे माझी कसोटी काही सांगू शकत नाही. जून 2024मध्ये आलेल्या ‘शॅडो ऑफ द अर्डट्री’ या विस्ताराचेही तेच. त्यात शिरायला राडान आणि मोग या दोन बॉसना हरवणे सक्तीचे आहे. राडान निदान नकाशावर उघड दिसणाऱ्या किल्ल्यामागे आहे, पण मोगचा महाल जमिनीखाली लपलेला. तिथे जायला एक तर सुरुवातीलाच भेटणाऱ्या व्हॅरेची कथा तडीस न्यावी लागते किंवा खेळाच्या उत्तरार्धातल्या बर्फाळ प्रदेशात एक दार शोधावे लागते. कोणताही किरण तिकडे बोट दाखवत नाही. विस्तार विकत घेतलेल्या खेळाडूने आल्टस पठारावर पोचल्यावर हा एवढा मजकूर गाइडमधून वाचून घ्यावा, आणि बाकीची पाने तशीच मिटून ठेवावीत.