आजीची चिंबोरी आणि पहिले हजार

प्रिय बाय,

तुझा मेसेज वाचला. चॅनल सुरू करून वर्ष होत आलं, सबस्क्रायबर काही सातशेच्या पुढे सरकत नाहीत, आणि मैत्रिणीने तुला 'सब फॉर सब'च्या ग्रुपमध्ये घेतलंय. तिथे आपण पन्नास जणांना सबस्क्राइब केलं की पन्नास परत मिळतात. 'काका, करू का?' असं विचारलंस. नको करू. पण नुसत्या 'नको'ने तुझं समाधान व्हायचं नाही, म्हणून सविस्तर लिहितोय. आणि उघड लिहितोय, कारण आपल्या नवी मुंबईत स्टेशनपासून खाडीपर्यंत कुठल्याही सेक्टरमध्ये जा, मोबाइल स्टँडवर लावून बसलेलं, याच प्रश्नाशी झुंजणारं कुणी ना कुणी भेटतंच. दुसऱ्यांच्या चॅनलचे व्हिडिओ एडिट करण्यावर माझं घर चालतं. त्या कामात जे कळलं ते तुला सांगायचं नाही तर कुणाला?

त्या ग्रुपमधली माणसं तुझं बघायला येत नाहीत, स्वतःचा आकडा वाढवायला येतात. कुणी गेमिंगवाला, कुणी भजनवाला, कुणी मोबाइल रिपेअरिंगवाला. पुढच्या वेळी तू कालवणाचा व्हिडिओ टाकलास की यूट्यूब तो यांच्यापुढेही ठेवणार, कारण त्यांनी तुझं चॅनल धरलंय. ते उघडणार नाहीत. उघडलाच तर दहा सेकंदांत निघून जातील. ज्यांना मासळीशी घेणंदेणं नाही त्यांच्यासमोर तुझ्या व्हिडिओची पहिली पारख होणार आणि तो तिथेच बसणार. शिवाय सबस्क्रायबरची अशी देवाणघेवाण यूट्यूबच्या नियमांच्या विरुद्ध आहे. मिळालेला आकडा कापला जातो, चॅनलवर कारवाईही होऊ शकते.

तुझी नजर हजारावर लागलीय, ते मी समजू शकतो. फेब्रुवारी 2018 पासून जाहिरातीचा पैसा मिळायला 1,000 सबस्क्रायबर आणि मागच्या बारा महिन्यांत 4,000 तासांचा वॉचटाइम लागतो. 2023 मध्ये 500 सबस्क्रायबरची एक खालची पायरी आली, पण तिथे जाहिरातीतला वाटा नाही. सगळे हजाराबद्दल बोलतात, चार हजार तासांबद्दल कुणी बोलत नाही. तू गणित करून बघ. 4,000 तास म्हणजे 2,40,000 मिनिटं. माणूस तुझा व्हिडिओ सरासरी चार मिनिटं बघत असेल तर वर्षाला साठ हजार व्ह्यूजमध्ये काम होतं. तोच चाळीस सेकंदांत निघून जात असेल तर तीन लाख साठ हजार लागतात. सब फॉर सबने हजार सबस्क्रायबर जमवशीलही, पण तास कुठून आणशील?

यूट्यूबलाही तासच हवेत. 2012 पर्यंत नुसत्या क्लिकला मोठा भाव होता. भडक थंबनेल लावून लोकांना फसवून आत आणलं तरी व्हिडिओ वर चढायचा. त्या वर्षी कंपनीने शोध आणि शिफारशी दोन्हींकडे वॉचटाइमच्या नजरेने बघायला सुरुवात केली. 2016 मध्ये गूगलच्या तीन इंजिनिअरांनी ही यंत्रणा एका शोधनिबंधात मांडली. आधी लाखो व्हिडिओंतून या एका माणसाला आवडतील असे काहीशे निवडायचे, मग तो किती वेळ बघत बसेल याचा अंदाज बांधून त्यांना क्रम लावायचा. त्यानंतर बरंच बदललं असेल, पण मुद्दा तोच आहे. यंत्रणा तुझ्या चॅनलला गिऱ्हाईक शोधत नाही, बघणाऱ्याला व्हिडिओ शोधून देते. म्हणून 'अल्गोरिदमला काय आवडतं?' हा प्रश्न सोड आणि 'माझं कोण बघतंय, ते कुठे थांबतंय?' हे बघायला लाग.

ते बघण्यासाठीच मी तुझ्या यूट्यूब स्टुडिओचे स्क्रीनशॉट मागवले होते. चिंबोरीच्या कालवणाचा व्हिडिओ घेतला. सुरुवातीला तुझा लोगो फिरतो, गाणं वाजतं, मग तू 'नमस्कार मित्रांनो' म्हणतेस, मागच्या व्हिडिओबद्दल आभार मानतेस, लाइक-शेअर-सबस्क्राइब सांगतेस. तेवढ्यात निम्मी माणसं गेलेली आहेत. ग्राफ कड्यावरून खाली उतरावा तसा उतरतो. पुढे बराच वेळ तो सपाट आहे. आणि मग एका जागी चक्क वर चढतो. वर चढणं म्हणजे लोक तिथे मागे जाऊन तोच तुकडा पुन्हा बघतायत.

तो तुकडा कुठला, सांगतो. आजी पाटावर बसलीय. मोठ्या नांग्या मोडून तिने बाजूला ठेवल्यात, पाठीचं कवच अंगठ्याने एका झटक्यात उचकटलंय. बारीक पाय मात्र ती फेकत नाही. पाट्यावर ठेचते, पाणी घालते, फडक्यातून पिळून घेते आणि ते गढूळ पाणी वाटणाबरोबर कालवणात ओतते. ना तू काही बोललीस, ना आजी. मागे कुकरची शिटी, पाट्याचा आवाज, बस. तुझ्या सगळ्या व्हिडिओंत लोकांनी परत परत बघितलेली जागा ही आहे, आणि तू ती 'एवढं लांब कोण बघणार' म्हणून फास्ट फॉरवर्ड केली होतीस! पुढच्या वेळी व्हिडिओची सुरुवातच तिथून कर. लोगो काढून टाक. आभार शेवटी मान.

दुसरा मुद्दा तुझ्या हिंदीचा. मधल्या महिन्यांत 'ऑडियन्स वाढेल' म्हणून तू हिंदीत बोलायला लागलीस आणि आजीलाही दोन वाक्यं पाठ करायला लावलीस. बाय, हिंदीत मासळी शिकवणारी चॅनलं उदंड आहेत. आपल्या घरातली आगरी बोली बोलणाऱ्या आजीचं चॅनल तुझ्याकडे आहे. यूट्यूबवर विनायक माळीने घरातली भांडणं आणि लग्नातल्या गमती आगरीत केल्या. ती बोली आयुष्यात न ऐकलेल्या विदर्भ-मराठवाड्यातल्या पोरांनीही त्या बघितल्या. मधुरा बाचल यांनी 2009 मध्ये परदेशात असताना रेसिपी टाकायला सुरुवात केली, मराठी चॅनल त्यानंतरचं, आणि मराठी घरांत त्यांना ओळख मिळाली ती या चॅनलमुळे. नगर जिल्ह्यातल्या सारोळा कासारच्या सुमन धामणे, म्हणजे 'आपली आजी', शाळेची पायरी चढलेल्या नव्हत्या. नातू यश पाठक पावभाजी मागत होता, ती त्यांना येत नव्हती. त्याने मोबाइलवर दाखवली, त्यांनी त्याहून सरस करून दाखवली, आणि त्यातून चॅनल निघालं. 2020 च्या टाळेबंदीत लाखो लोक त्यांच्या स्वयंपाकघरात बसल्यासारखे बघत होते. त्यांना कुणी प्रमाण मराठी शिकवलं नाही, हे फार बरं झालं.

हे सगळं शक्य झालं त्याचं एक कारण तर तुझ्या गच्चीवरून दिसतं. ठाणे-बेलापूर रस्त्यावरच्या रिलायन्सच्या कॅम्पसमधून जिओचा कारभार चालतो. 5 सप्टेंबर 2016 ला जिओ सुरू झालं, पुढच्या मार्चअखेरपर्यंत डेटा फुकट होता, आणि गावोगावच्या आजी-आजोबांच्या हातात व्हिडिओ आला. सारंग साठये आणि मंडळींचं 'भाडिपा' हे मराठी चॅनलही त्याच वर्षीचं. मराठीत बघणारे कमी आहेत ही समजूत तेव्हापासून मोडीत निघाली आहे.

मग तुझे बघणारे कोण? आधी आपल्या आसपास बघ. आपलं गाव आहे, बोनकोडे आहे, घणसोली आहे. त्यांना आजीचं कालवण माहीत आहे, ते चूक काढायला येतील. येऊ देत. चूक काढणारा माणूस शेवटपर्यंत बघतो आणि दुसऱ्याला पाठवतो. पण माझ्या मते तुझा खरा प्रेक्षक माथाडी वसाहतीत आहे. सातारा-सांगलीकडून मार्केटात कामाला आलेली ही घरं, दोन पिढ्या इथे राहिली, पण मासळी बाजारात गेल्यावर खाडीच्या मासळीपुढे अजून बिचकतात. त्यांच्या सुनेला पडणारा प्रश्न 'चिंबोरीचं कालवण कसं करायचं' हा नाही. 'चिंबोरी भरलेली आहे की पोकळ, घेताना कसं ओळखायचं' हा आहे. आजीला ते येतं. ती हातात तोलते, पोटाला अंगठ्याने दाबते आणि म्हणते, 'पोकल हाय ती, ठेव खाली.' पोटावरची पट्टी रुंद असेल तर मादी, निमुळती असेल तर नर, हे दाखवते. अमावास्येची भरलेली, पौर्णिमेची पोकळ, हा तिचा हिशोब. यावर स्वतंत्र पाच मिनिटांचा व्हिडिओ कर. तसाच खाडीच्या चिखलातल्या निवट्यांवर कर. बुळबुळीत जिवंत निवटी कशी धरायची, राखेने कशी चोळायची, हे आजीच्या वयाची माणसं गेली की दाखवायला कोण उरणार आहे?

रेसिपी माणूस एकदा बघतो. विकत घेताना अडलेला माणूस दर रविवारी परत येतो, आणि आपल्याला परत येणारा हवा. ॲनालिटिक्समध्ये परत येणाऱ्या प्रेक्षकांचा आकडा दिसतो. सबस्क्रायबरऐवजी रोज तोच बघत जा.

शीर्षक लोक शोधतात तसं दे. 'सीक्रेट आगरी रेसिपी' असं कुणी शोधत नाही. 'भरलेली चिंबोरी कशी ओळखावी' असं शोधतात, आणि बरेच जण इंग्रजी अक्षरांत टाइप करतात, म्हणून खालच्या माहितीत तेही लिही. थंबनेलवर तुझा चकित चेहरा नको, आजीचा हात आणि चिंबोरी पुरे. शंभर जणांसमोर थंबनेल गेलं आणि चारच जणांनी उघडलं म्हणून रडू नकोस. यूट्यूबच्या मदत-पानावरच लिहिलंय की निम्म्या चॅनलांचा हा आकडा दोन ते दहा टक्क्यांत असतो.

शॉर्ट्स कर, पण त्याच्या भरवशावर राहू नकोस. शॉर्ट्स फीडमधला वेळ त्या चार हजार तासांत धरत नाहीत, आणि नुसत्या शॉर्ट्सवर जायचं तर नव्वद दिवसांत एक कोटी व्ह्यूज लागतात. चिंबोरीचं कवच उचकटण्याचे वीस सेकंद शॉर्ट म्हणून टाक आणि त्याला मोठ्या व्हिडिओची लिंक जोड. तेवढंच.

आता जरा मोठ्यांच्या नात्याने बोलतो. आजी माझी आई आहे. तिला कॅमेरा आवडतो, ते मला दिसतं. पण पाय दुखत असताना 'अजून एक टेक' म्हणू नकोस. तिच्या बोलीची खिल्ली उडवणारं काही खाली लिहून आलं तर ते तिला वाचून दाखवायचं नाही, लपवायचं. पैसा येईल तेव्हा त्यात तिचा वाटा ठरवून ठेव. जाहिरातीच्या उत्पन्नातले 55 टक्के चॅनलला मिळतात, त्यातले किती आजीचे, ते तिच्यासमोर बसून बोल. तिच्या हातांचे पैसे आहेत ते. आणि टू-स्टेप व्हेरिफिकेशन आजच्या आज चालू कर. 'आपली आजी' चॅनल ऑक्टोबर 2020 मध्ये हॅक झालं होतं, नशिबाने परत मिळालं. 'आमच्या प्रॉडक्टची जाहिरात करा' म्हणून आलेल्या ईमेलमधली फाइल उघडायची नाही, कितीही मोठी कंपनी असो.

एक व्हिडिओ मात्र व्ह्यूजचा विचार न करता कर, असं मला मनापासून वाटतं. आजीला घेऊन खाडीच्या बांधावर जा. तिच्या लहानपणी तिथे काय मिळायचं, मिठागरं कुठे होती, भातशेती कुठवर होती, सिडकोने जमीन घेतली तेव्हा घरात काय बोललं गेलं, हे तिला विचार. ठाणे खाडी 2015 मध्ये फ्लेमिंगोंचं अभयारण्य झाली, 2022 मध्ये तिला रामसर स्थळाचा दर्जा मिळाला. फ्लेमिंगोंचे व्हिडिओ भरपूर आहेत. त्या चिखलात गुडघाभर उतरून निवटी धरणाऱ्या बायकांचे किती आहेत? सिंधुदुर्गात प्रसाद गावडे 'कोकणी रानमाणूस' म्हणून जंगल, नद्या, देवराया दाखवत फिरतो. इंजिनिअरिंग शिकलेला हा पोरगा आपल्या मातीबद्दल तळमळीने बोलतो आणि लोक ऐकतात. आपल्या खाडीला तसं बोलणारं माणूस हवं आहे, आणि तुझ्या शेजारी ते बसलेलं आहे. हा व्हिडिओ दोनशे जणांनी बघितला तरी चालेल. तो काढू नकोस, प्लेलिस्टमध्ये सगळ्यात वर ठेव.

सहा महिने या पद्धतीने आठवड्याला एकच व्हिडिओ टाक, दर शुक्रवारी संध्याकाळी, म्हणजे शनिवार-रविवारच्या बाजाराआधी लोकांच्या हाती पडेल. परीक्षेच्या महिन्यात सुट्टी घे आणि तसं चॅनलवर आधीच सांग. एडिटिंगला मी आहे. पहिला व्हिडिओ चिंबोरी विकत घेण्याचाच करू. अमावास्येच्या आदल्या दिवशी मी पहाटेच्या गाडीने येतो, आजीला म्हणावं पिशवी तयार ठेव. माइक मी आणतो, तुझ्या मोबाइलचं स्टोरेज तेवढं रिकामं कर.

तुझा,
काका