कोतवालाची जागा रिकामी झाली की...



कोणाची बदली झाली, कुठल्या खुर्चीवर कोण बसणार, याच्यावर सध्या चहाच्या टपरीवर जोरदार खल चालू आहे. ते ऐकताना मला सारखं 'विच्छा माझी पुरी करा' आठवतं. वसंत सबनीसांचं हे लोकनाट्य १९६५ साली आलं आणि दादा कोंडकेंनी ते महाराष्ट्रभर गाजवलं. आशाताई भोसलेंनी ते पाहून भालजी पेंढारकरांना दादांचं नाव सुचवलं, मग १९६९ ला 'तांबडी माती'. हा किस्सा सगळ्यांना पाठ आहे. वगातली गोष्ट मात्र नव्या पोरांना विचारून बघा, माहीत नसते.

गोष्ट साधी. राज्यात कोतवालाची जागा रिकामी होते. हक्क हवालदाराचा, पण प्रधान तिथं आपल्या मेव्हण्याला चिकटवतो. मग हवालदार मैनावतीला हाताशी धरतो. ती नव्या कोतवालाला भुरळ घालते आणि हट्ट धरते, मला राजाचाच छपरी पलंग पाहिजे! आता कायद्याचा रखवालदारच राजाच्या पलंगाची चोरी करायला निघतो.

राजा भोळसट, त्याला गंधवार्ता नाही. त्याच्यावर आपण पोट धरून हसतो. प्रधानाचा राग येतो. मन मात्र हवालदाराच्या बाजूनं असतं, कारण तो आपल्यातला, खालचा माणूस.

पण मला तो हवालदारच जास्त टोचतो. वशिलेबाजी बंद व्हावी म्हणून तो डाव टाकत नाही. त्याला ती खुर्ची स्वतःला पाहिजे. हिंदीत याचं नाव केलं 'सैंया भये कोतवाल', आणि अगदी नेमकं केलं. सैंयाच कोतवाल झाल्यावर भ्यायचं कशाला?

आपलंही तेच चाललंय. दुसऱ्याचा मेव्हणा बसला की आपण वशिला म्हणून ओरडतो, आपला बसला की गुलाल उधळतो. "आपला माणूस बसला पाह्यजे भो!" एवढीच मागणी. तो बसून करणार काय, गटारी निघणार का, नळाला पाणी किती दिवसांनी येणार, हे त्या टपरीवर मी अजून कोणाच्या तोंडून ऐकलं नाही.

आपल्याकडे जत्रेत तमाशाचा तंबू लागतो. वगात राजा आला की पुढच्या रांगेत बसलेल्या पुढाऱ्यांकडेही जरा बघा. सगळ्यात मोठ्यानं तेच हसत असतात.