बारा मिनिटांची जत्रा

१. ‘ओ ड्रीमलँड’ पुन्हा पाहिला. लिंडसे अँडरसनचा १९५३चा लघुपट. इंग्लंडमधल्या मार्गेट या किनाऱ्यावरच्या गावातली करमणुकीची बाग. बारा मिनिटं, कृष्णधवल. निवेदन नाही, मुलाखत नाही. कॅमेऱ्यावर जॉन फ्लेचर.

२. काचेआडचा खलाशाचा पुतळा डोलत खदाखदा हसतो. ते हसणं पुन्हा पुन्हा कानावर आदळतं. तिकीट काढून आलेली माणसं मात्र फारशी हसत नाहीत. निदान अँडरसनने हसणारी निवडली नाहीत.

३. अँडरसनचा जन्म बंगळूरचा, १९२३.

४. अलिबाग, रविवार, ओहोटी. कुलाबा किल्ल्याकडे चालत निघालेली माणसं. एक बाई चपला हातात, साडी गुडघ्यापर्यंत खोचलेली. पाण्याला पाय लागला की मागे वळून सासूला हात देते. सासू हात झिडकारते आणि पुढे जाते. दोघी हसतात.

५. किल्ल्यात चाकांच्या गाड्यांवर दोन तोफा. त्यांवर यॉर्कशरच्या लो मूर कारखान्याचं नाव. पोरं त्यांवर चढून फोटो काढून घेतात.

६. त्याच मार्गेटमध्ये अँडरसनने गाय ब्रेंटनबरोबर कर्णबधिर मुलांच्या शाळेवर ‘थर्स्डेज चिल्ड्रन’ केला. त्याला ऑस्कर मिळालं. तिथे कॅमेरा मुलांच्या ओठांजवळ थांबतो, शब्द फुटायची वाट पाहतो. एवढी माया असलेला माणूस बागेतल्या गर्दीवर इतका का चिडला? तीही कष्टाचीच माणसं होती, सुट्टीला आलेली. हे मला दर वेळी सलतं. तरी ‘ओ ड्रीमलँड’ सोडवत नाही.

७. तीन वर्षं तो पडून होता. ५ फेब्रुवारी १९५६ला लंडनच्या नॅशनल फिल्म थिएटरात, ‘फ्री सिनेमा’ या लघुपट-मालिकेच्या पहिल्या कार्यक्रमात लोकांपुढे आला.

८. आपल्याकडे फिल्म्स डिव्हिजन १९४८ची. मुख्य सिनेमाआधी तिचे माहितीपट दाखवणं थिएटरांना सक्तीचं होतं. त्यांत धरणं पाहिली, लेणी पाहिली. भाऊच्या धक्क्यावरून लाँचने अलिबागसाठी रेवसला उतरणारी तेव्हाची माणसं मला पाहायची आहेत. डबा कशात बांधला होता, पोरांच्या डोक्यावर टोपी होती का, पाण्यात कोण उतरायचं आणि कोण काठावर बसायचं.

९. घोडागाडीवाला ओरडतो, “चला, पाणी चढतंय!” किल्ल्यातलं कोणी हलत नाही. भेळ संपायची असते.

१०. अलिबागवर कोणी असा लघुपट करणार असेल, तर आवाज जागेवरच घ्यावा. वरून गाणं घालू नये. आणि त्या सासू-सुनेला शोधावं.