सिंहाच्या जबड्याशी बाई

दीक्षितपुरा, जबलपूर
ललिता पंचमी

चि. मुग्धास अनेक आशीर्वाद.

तू पाठवलेला टॅरोच्या पत्त्याचा फोटो मोठा करून पाहिला. मैत्रिणीनं त्यावरून जे भविष्य सांगितलं त्याबद्दल मी काही बोलत नाही, हात बघणारे आपल्या गल्लीतही कमी नाहीत. पण सिंहाच्या जबड्याला हात लावणारी ती बाई कोण, या तुझ्या प्रश्नात मी गुंतले, म्हणून हे पत्र.

ती कुणी देवी नाही गं, तो एक गुण आहे. विवेक, न्याय, संयम आणि धैर्य हे चार मुख्य सद्गुण युरोपात फार पूर्वीपासून मानत आले, आणि त्यांना बायकांची रूपं देऊन चर्चमध्ये, थडग्यांवर कोरत आले. 15व्या शतकात उत्तर इटलीत टॅरोचे पत्ते निघाले, त्यात यातले तिघे आले आणि विवेक तेवढा बाहेर राहिला. पत्ते कुटणाऱ्यांना त्याची गरज भासली नसेल! हो, कुटणारेच. टॅरो हा मुळात खेळायचा डाव, आपल्या सावंतवाडीच्या गंजिफासारखा. भविष्याचं खूळ पुष्कळ उशिरा आलं. 1781 साली कूर द जेबलँ नावाच्या फ्रेंच गृहस्थानं हे पत्ते म्हणजे प्राचीन इजिप्तचं गूढ ज्ञान आहे असं छापून टाकलं. पुरावा काही नव्हता, पण लोकांना ते पटलं.

आता सिंहाकडे ये. मिलानच्या स्फोर्झा घराण्यासाठी रंगवलेल्या जुन्या संचात धैर्याच्या पत्त्यावर बाई नाहीच. तिथे हर्क्युलिस सोटा उगारून सिंहाला झोडपतोय. पुढे मार्सेच्या छापील पत्त्यांत रुंद टोपीची बाई आली आणि सोटा गेला, ती हातांनीच जबडा धरते. तुझ्याकडे आलेला पत्ता त्याच्याही नंतरचा, लंडनच्या रायडर कंपनीनं 1909 साली काढलेल्या संचातला. कल्पना आर्थर वेट यांची, चित्रं पामेला कोलमन स्मिथ या बाईंची. पांढरा झगा, डोक्यावर आडवा पडलेला इंग्रजी आठ, म्हणजे अनंताचं चिन्ह, आणि कमरेपासून सिंहाच्या मानेपर्यंत गेलेली फुलांची माळ. बाईंनी अठ्ठ्याहत्तर पत्ते काढले, पैसे जेमतेम मिळाले आणि 1951 मध्ये त्या कर्जातच गेल्या. संचाला नाव मात्र प्रकाशकाचं आणि वेटसाहेबांचं पडलं. पत्त्याच्या कोपऱ्यात वळणदार अक्षरांची एक गुंतवळ दिसेल, ती त्यांची सही. बघच.

वेट यांच्या म्हणण्याप्रमाणे ही बाई सिंहाचं तोंड मिटते आहे. चित्र पाहून मला तसं ठामपणे सांगता येत नाही. उघडतेय म्हटलं तरी चालेल. पण सिंह मेलेला नाही, बांधलेला म्हणावा तर दोर फुलांचा, आणि बाईच्या चेहऱ्यावर जोर लावल्याची खूण नाही. हर्क्युलिसपासून इथवर यायला साडेचारशे वर्षं लागली.

आमच्या जबलपुरात धैर्य म्हटलं की राणी दुर्गावती. अबुल फझलनं लिहून ठेवलंय की वाघ आल्याची वर्दी मिळाली की त्याला गोळी घातल्याशिवाय ती पाणी पीत नसे. शत्रूच्या दरबारातल्या माणसानं हे लिहिलं, म्हणून मला त्याची किंमत जास्त वाटते. 1564 मध्ये आसफ खानाच्या फौजेपुढे नरईच्या लढाईत तिला बाण लागले. जिवंत हाती लागायचं नाही म्हणून तिनं स्वतःवर कट्यार चालवली. तिचं धैर्य हर्क्युलिसच्या जातीचं, समोरासमोरचं. तुझ्या पत्त्यावर ती बसत नाही आणि तिला तिथे बसवायचा हट्टही मी धरणार नाही.

जवळची वाटते ती सध्या इथे घरोघरी आणि चौकाचौकात बसलेली देवी. सराफ्यातल्या सुनरहाईची बुंदेली घडणीची, दागिन्यांनी मढलेली मूर्ती तुला आठवत असेल, लहानपणी त्या गर्दीत तू बाबांच्या खांद्यावर असायचीस. देवीखालचा सिंह पाहा. त्याचा जबडा कुणी मिटलेला नाही, तो महिषासुरावर उघडलेला आहे. सिंहाला मारायचं नाही, त्याचं तोंड दाबायचंही नाही, कुणावर सोडायचं एवढं तिनं ठरवायचं. ऑफिसातला तो साहेब तुझं काम स्वतःच्या नावावर खपवतो आणि तू गप्प बसतेस, असं तूच मागच्या फोनवर सांगितलंस. तुझी मैत्रीण बहुधा म्हणाली असेल, राग आवर. मी म्हणेन, आधी तो जिवंत आहे ना ते बघ. पुढच्या बैठकीत कामाचा हिशेब तारखांसकट मांड. आवाज चढवायची गरज पडणार नाही.

एक काम कर. मैत्रिणीच्या संचात या बाईचा क्रमांक काय आहे ते मला कळव. मार्सेच्या पत्त्यांत ती अकरावी आणि न्याय आठवा. वेटसाहेबांनी दोघींची अदलाबदल केली आणि कारण विचाराल तर ते माझं मला ठाऊक, अशा थाटात पुस्तकात पुढे सरकले. ते ज्या गूढपंथी मंडळात होते त्यांनी पत्त्यांना राशी वाटल्या होत्या. धैर्याला सिंह आणि न्यायाला तूळ, आणि राशींच्या ओळीत सिंह आधी येते. तुझ्या फोटोत वरचा आकडा कापला गेलाय.

बाबांना सांग, घटाचं धान छान उगवलंय.

तुझी,
आत्या