गोळ्या ‘घेतल्या’ की ‘खाल्ल्या’?

काही वर्षांपूर्वीची गोष्ट. दुपारची ओपीडी संपत आली होती. एक तरुण हातात विमा कंपनीचं पत्र घेऊन आत आला. त्याच्या बायकोला दोन महिन्यांपूर्वी मी अ‍ॅडमिट केलं होतं. पत्रात क्लेम नाकारल्याचं कळवलं होतं. कारण : स्वतःहून केलेली इजा.

“डॉक्टर, हिनं आत्महत्येचा प्रयत्न केला असं तुम्हीच लिहिलंय म्हणे. सासरे येऊन विचारून गेले, आमच्या मुलीला काय केलंत म्हणून.”

मी फाइल मागवली. डिस्चार्ज समरीवर सही माझीच होती.

आता थोडं समजून घेऊ. तुम्ही दवाखान्यातून घरी जाता तेव्हा तुमच्या आजाराला एक कोड दिला जातो. ही यादी जागतिक आरोग्य संघटनेची आहे, तिला आयसीडी म्हणतात. पॅरासिटामॉलच्या विषबाधेचा कोड टी ३९.१. पण तेवढ्यावर भागत नाही. ‘हे कसं घडलं’ याचा दुसरा कोड जोडावा लागतो. चुकून घडलं तर एक्स ४०. जाणूनबुजून घेतलं तर एक्स ६०. नीट चौकशी करूनही हेतू ठरवता आला नाही तर वाय १०. आणि औषध योग्य, डोस योग्य, तरीही त्रास झाला, तर ती विषबाधा नव्हेच. तो औषधाचा दुष्परिणाम, त्याचा कोड वाय ४५.५. गोळी तीच, लिव्हरला इजा तीच, पण कोड चार, आणि प्रत्येकाची गोष्ट वेगळी.

या मुलीच्या फाइलवर एक्स ६० होता. तो आला कुठून? कॅज्युअल्टीत सासूबाई घाबरून म्हणाल्या होत्या, “हिनं खूप गोळ्या खाल्ल्यात हो!” रात्रपाळीच्या डॉक्टरनं तसंच लिहिलं. आपल्याकडे ताप आला की माणूस गोळ्या ‘घेतो’, आणि ‘गोळ्या खाल्ल्या’ म्हटलं की ऐकणारा दचकतो. सव्वीस वर्षांची सून, खूप गोळ्या, उलट्या. कोड टाकणाऱ्यानं फाइलमध्ये जे वाचलं त्यावरून कोड टाकला. मी रोज राउंडला तिचे लिव्हरचे रिपोर्ट बघत होतो, उतारा म्हणून एन-अ‍ॅसिटिलसिस्टीनची सलाइन चालू होती, आकडे उतरत होते म्हणून मी खूश होतो. ‘नक्की काय झालं होतं गं?’ एवढं मात्र मी तिला एकदाही विचारलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी तिला बोलावलं. तिनं बोटांवर मोजून सांगितलं. दाढ ठणकत होती म्हणून मेडिकलमधून आणलेली दाढदुखीची गोळी, दिवसातून चार. अंगात कसर म्हणून घरातली ६५० ची तापाची गोळी, तीही चार. सर्दीची गोळी तीन वेळा. तिन्हींत पॅरासिटामॉल! दाढदुखीच्या गोळीत ५०० मिलिग्रॅम, सर्दीच्या गोळीतही ५००. बेरीज केली : २०००, २६०० आणि १५००, म्हणजे दिवसाला ६१०० मिलिग्रॅम. धडधाकट मोठ्या माणसाची दिवसाची कमाल मर्यादा ४००० ची. हिचं वजन ४२ किलो, दाढेमुळे तीन दिवस धड जेवण नाही. उपाशीपोटी लिव्हरची हे औषध पचवण्याची ताकद आणखी कमी होते.

हा सरळसरळ एक्स ४० होता, चुकून झालेली विषबाधा.

“पोलीस आले तेव्हा पण मी हेच सांगत होते,” ती म्हणाली. “पण फाइलमध्ये लिहिलंय म्हटल्यावर माझं कोण ऐकणार?”

माझ्याकडे उत्तर नव्हतं. फाइलमधला मजकूर खोडता येत नाही, खोडूही नये. मी तारीख, वेळ घालून, चूक मान्य करून नवी नोंद लिहिली, सही केली, विमा कंपनीला पत्र दिलं. तीन महिन्यांनी क्लेम मिळाला. तिच्या आईवडिलांना मात्र मी स्वतः भेटून सांगितलं. ते कुठल्याच कोडमध्ये बसत नव्हतं.

याची दुसरी बाजूही सांगतो. “डॉक्टर, चुकून घेतल्या असं लिहा ना,” अशी गळ मला अनेकदा घातली जाते. जाणूनबुजून घेतलेल्या गोळ्या चुकून घेतल्या असं मी लिहीत नाही. तसं लिहिलं तर मानसोपचार मिळत नाही आणि पेशंट पुन्हा त्याच घरात, त्याच दुःखात परत जातो. २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्यानुसार असा माणूस तीव्र तणावाखाली होता असं मानलं जातं, गुन्हेगार नव्हे. मनात असे विचार येत असतील तर १४४१६ या टेली-मानस क्रमांकावर बोला. फोनला पैसे पडत नाहीत.

एवढं लक्षात ठेवा :

- दोन वेगळ्या गोळ्या एकत्र घेण्याआधी पाकिटावरचं औषधाचं नाव वाचा. ब्रँड वेगळा, औषध तेच असू शकतं.
- जास्त गोळ्या गेल्या असतील तर त्रास होण्याची वाट बघू नका. पॅरासिटामॉलमध्ये पहिला दिवस बरा जातो, लिव्हर नंतर बिघडतं. एकदम जास्त गोळ्या घेतल्या असतील तर उतारा पहिल्या आठ तासांत सर्वांत चांगला काम करतो. १०८ ला फोन करा.
- रिकाम्या स्ट्रिप्स सोबत आणा. किती, कधी, कशासाठी, हे खरं सांगा.
- डिस्चार्ज कार्ड घरी जाण्याआधी वाचा. पटलं नाही तर तिथेच विचारा.

आता विषबाधेचा पेशंट आला की मी नातेवाइकांना बाहेर बसवतो, खुर्ची कॉटजवळ ओढतो आणि आधी पेशंटलाच विचारतो. कोड त्यानंतर.