नखांचा धडा

भाचीच्या लग्नाला माझ्या नववीतल्या लेकीने हट्ट धरला, "आई, मला लांब नखं हवीत." पार्लरचा खर्च नको म्हणून मी अ‍ॅक्रिलिक नखांचा संच घरी आणला. पावडर आणि द्रव मिसळले की मऊ गोळा होतो. तो ब्रशने नखावर पसरायचा, थोड्याच वेळात तो कडक होतो. दातांची कवळी बनते तेही याच कुळातले रसायन.

नीट चिकटावे म्हणून मी तिची नखे कानशीने खूप घासली. द्रव कातडीलाही लागला, तिकडे लक्ष दिले नाही. लग्नात नखांचे कौतुक झाले. आठवड्याने एक नख कडेने सुटले, ते मी ओढून काढले. त्याबरोबर खऱ्या नखाचा पापुद्राही निघाला. बोटांना खाज सुटली.

डॉक्टर म्हणाले, "हा द्रव कातडीला लागता कामा नये. एकदा अ‍ॅलर्जी झाली की ती सहसा जन्मभर राहते. पुढे दात भरतानाही त्रास होऊ शकतो. आणि नखे ओढायची नसतात, अ‍ॅसिटोनमध्ये भिजवून काढतात. तेही खिडकी उघडी ठेवून, गॅसपासून दूर."

हाताचे नख महिन्याला जेमतेम ३ मिलिमीटर वाढते, पूर्ण नवे यायला सुमारे ६ महिने लागतात. बोटे दुखत असल्याने तिचा तबला बंद राहिला, स्नेहसंमेलनातले वादनही हुकले.

"आई, डब्यावरच्या सूचना वाचल्या होत्यास?" तिने विचारले.

वाचल्या नव्हत्या. पालकहो, तुम्ही तरी वाचा.